तारीख

माझ्या तपासणीच्या खोलीत येणारे रुग्ण दोन प्रकारचे असतात. पहिल्या प्रकारचे रुग्ण खुर्चीवर बसता बसताच आपले दुखणे सांगू लागतात. कळ कुठून निघते, जिना उतरताना काय होते, रात्री कूस बदलताना काय होते, हे सारे ते सविस्तर सांगतात आणि मी ऐकतो. दुसऱ्या प्रकारचे रुग्ण एमआरआयचे मोठे पाकीट टेबलावर ठेवतात आणि दुखण्याविषयी चकार शब्द न काढता विचारतात, "डॉक्टर, मी पुन्हा कधी खेळणार?" त्यांना तारीख हवी असते. निवड चाचणी अमुक दिवशी आहे, आंतरमहाविद्यालयीन सामने तमुक महिन्यात आहेत. त्याच्या आत गुडघा दुरुस्त व्हायला हवा.

गेली पस्तीस वर्षे या एका प्रश्नाचे उत्तर देणे हाच माझा व्यवसाय आहे. हाडे जोडणारे आणि सांधे बदलणारे शल्यचिकित्सक पुष्कळ असतात. आमच्यातील काही थोडे खेळाडूंच्या दुखापतींकडे वळतात, त्यांपैकी मी एक. या उत्तराच्या बाबतीत माझ्या हातून एकदा चूक झाली. ती सांगण्यासाठीच मी लिहावयास बसलो आहे. परंतु त्याआधी माझ्या थोरल्या भावाच्या गुडघ्याविषयी सांगितले पाहिजे, कारण मी या वाटेला लागलो तो त्या गुडघ्यामुळे.

आमचे घर वसईच्या पश्चिम पट्ट्यात, केळीच्या वाडीत. १९७२ साली मी आठवीत होतो आणि दादा वीस वर्षांचा. पाऊस सरला की चर्चच्या मैदानावर रविवारी दुपारी फुटबॉल रंगत असे आणि दादाच्या पायात चेंडू आला की बाया-माणसे कुंपणाशी येऊन उभी राहत. त्या रविवारी त्याला कोणी पाडले नाही, कोणाचा धक्काही लागला नाही. पाय जमिनीत रोवून तो गर्रकन वळला आणि खाली बसला. गुडघ्यात काहीतरी फटकन तुटल्याचा आवाज आपण ऐकला, असे तो म्हणाला. संध्याकाळपर्यंत गुडघा शहाळ्यासारखा टम्म फुगला. हाडवैद्याने लेप लावून पट्टी बांधली, तीन आठवड्यांत सूज उतरली, दादा चालू लागला, धावूही लागला. मात्र चौथ्या महिन्यात मैदानावर उतरला तो पहिल्याच वळणाला पुन्हा कोसळला. पुढे हे वारंवार होऊ लागले. गुडघा सटकतो, असे तो सांगे. पण बाहेरून पाहता गुडघा धडधाकट दिसत होता. मग गावात कुजबुज सुरू झाली की पोरगा घाबरला, अंगचोरपणा करतो. आमचे बाबाही एकदा तसे बोलून गेले. दादाने बूट माळ्यावर टाकले आणि वाडीत लक्ष घातले. तेथेही केळीचे लोंगर खांद्यावर घेऊन बावखलाच्या बांधावरून येताना तो दोनदा पडला.

१९८५ साली मी अस्थिशल्यशास्त्राचे पदव्युत्तर शिक्षण घेत होतो. एका रविवारी घरी आलो असता जेवण झाल्यावर मी दादाला खाटेवर आडवा केले. गुडघा थोडा वाकवून, एका हाताने मांडी घट्ट धरून दुसऱ्या हाताने नडगी पुढे ओढली. फिलाडेल्फियाच्या जॉन लॅकमन या अस्थितज्ज्ञांच्या नावाने ही तपासणी ओळखली जाते. तिला यंत्र लागत नाही, दोन हात पुरतात. टेबलाचा खण उघडावा तशी दादाची नडगी पुढे सरकली. आतून तिला अडवणारे काहीच उरले नव्हते.

"दादा, तुझं लिगामेंट त्याच दिवशी तुटलं होतं," मी म्हणालो.

तो बराच वेळ छताकडे पाहत राहिला. मग म्हणाला, "म्हणजे मी भित्रा नव्हतो तर."

तेरा वर्षे त्याने मनात काय वागवले असेल याची कल्पना मला त्या क्षणी आली. बाबा ओटीवर बसले होते. त्यांनी ते ऐकले की नाही हे मला आजही ठाऊक नाही.

गुडघ्याच्या पोटात दोन अस्थिबंध एकमेकांना छेदून जातात. त्यांचा आकार क्रूसासारखा, म्हणून त्यांना क्रुशिएट हे नाव. त्यांतील पुढचा अस्थिबंध नडगीला पुढे घसरू देत नाही आणि वळताना गुडघा सावरून धरतो. सरळ चालणाऱ्या माणसाचे त्याच्यावाचून फारसे अडत नाही. अडते ते थबकणाऱ्याचे, वळणाऱ्याचे, उडी मारून खाली येणाऱ्याचे. तो तुटला की सहसा आपोआप नीट जुळून येत नाही. त्याशिवाय दोन हाडांच्या मधे अर्धचंद्राच्या आकाराच्या दोन गाद्या असतात. माझ्या उमेदवारीच्या काळात गादी फाटली की आम्ही गुडघा उघडून ती संपूर्ण काढून टाकत असू आणि रुग्णाला बरे वाटले म्हणून समाधान मानत असू. वास्तविक अशा गुडघ्यांची झीज लवकर होते हे फेअरबँक नावाच्या इंग्रज शल्यचिकित्सकाने १९४८ सालीच क्ष-किरण चित्रांवरून दाखवले होते. ते आम्ही परीक्षेपुरते वाचले होते. मी काढलेल्या गाद्यांची संख्या मोजण्याचे धाडस मला होत नाही.

ही रीत मोडली ती जपानी माणसांच्या चिकाटीने. टोकियोच्या केंजी ताकागी यांनी १९१८ साली मूत्राशय पाहण्याची दुर्बीण मृत माणसाच्या गुडघ्यात घालून पाहिली. त्यांचे शिष्य मासाकी वातानाबे यांनी युद्धानंतरच्या हलाखीत एकामागून एक नवी दुर्बीण बनवली. त्यांच्या एकविसाव्या दुर्बिणीच्या टोकाशी बारीक दिवा असे आणि कधी कधी तो सांध्यातच फुटे. तरीही १९६२ साली त्यांनी दुर्बिणीतून पाहत गादीचा फाटलेला तेवढाच तुकडा काढला. पंचवीस वर्षांनी मी ती विद्या शिकलो तेव्हाही आमच्याकडे कॅमेरा नव्हता. वरिष्ठ डोळा लावून शस्त्रक्रिया करीत आणि मधेच बाजूला होऊन आम्हाला क्षणभर पाहू देत.

त्यानंतर वर्षभर मी लिव्हरपूलला होतो. आमच्या शास्त्राची ती काशीच. तेथील रॉबर्ट जोन्स यांनी नाचताना आपल्याच पायाचे हाड मोडून घेतले आणि १९०२ साली त्यावर निबंध लिहिला! करंगळीमागच्या हाडाच्या अशा मोडीला आजही त्यांचे नाव आहे. आपल्या फजितीतून ज्ञान काढणारे असे वडीलधारे लाभणे हे कोणत्याही विद्येचे भाग्यच. मला मात्र ते धैर्य यायला फार वर्षे लागली.

१९९० साली मी परतलो तेव्हा मुंबईत कबड्डीला बरे दिवस येत होते. त्याच वर्षी बीजिंगच्या आशियाई स्पर्धेत कबड्डी पदकाचा खेळ म्हणून प्रथम खेळली गेली होती. गिरणगावातील मुलांना या खेळामुळे मोठ्या आस्थापनांत नोकऱ्या मिळत. आधी तुटपुंजी शिष्यवृत्ती, मग खेळ पाहून नेमणूक. अशाच एका संघाचा मी मानद डॉक्टर झालो. मानधन नव्हते, पण संघाचा ट्रॅकसूट मिळाला होता. तो अंगात घालून मी मैदानाच्या कडेला बसत असे आणि वर्तमानपत्रातील छायाचित्रात माझा चेहरा दिसला की कात्रण जपून ठेवत असे.

१९९२ सालच्या एका गुरुवारी रात्री संघाचे पदाधिकारी एका चढाईपटूला माझ्याकडे घेऊन आले. वय बावीस. वडील गेलेले, गिरणीच्या संपात घराची कमाई संपलेली, आई चार घरची धुणीभांडी करणारी. सरावात गुडघा मुरगळला होता आणि शनिवारी अंतिम सामना होता. त्या सामन्यानंतर दोन खेळाडूंना कायम नोकरी मिळणार होती आणि त्यांत त्याचे नाव होते. मी गुडघ्यात सुई घातली. नळीत गडद रक्त आले. पिळवटलेल्या गुडघ्यात काही तासांत रक्त साठले तर बहुतेक वेळा क्रुशिएट तुटलेला असतो. नडगी ओढून पाहिली. दादाच्या गुडघ्यासारखीच ती सरकली.

"साहेब, फक्त शनिवार निघू द्या," पदाधिकारी म्हणाले.

मुलगा काहीच बोलला नाही. तो माझ्या तोंडाकडे पाहत होता. मी म्हणालो, "मुरगळला आहे. बघू या." शनिवारी दुपारी मी पुन्हा रक्त काढले, वेदना बधिर करणारे औषध आणि स्टिरॉइड टोचले, वर पट्टा आवळला. वेदना ही शरीराची राखणदार असते. मी तिला झोपवून त्याला मैदानात सोडले. पूर्वार्धात त्याने सहा गडी बाद केले. उत्तरार्धात पकड चुकवण्यासाठी त्याने उडी घेतली आणि खाली येताना गुडघा आतल्या बाजूला दुमडला. पडता पडता त्याने मध्यरेषेला हात लावला आणि गुण मिळवला. सामना आम्ही जिंकलो. लोकांनी त्याला खांद्यावर घेतले होते आणि त्याचा पाय खाली लोंबत होता.

पुढे मी गुडघा पाहिला. क्रुशिएट तर नव्हताच, आतली गादी मधोमध फाटून सांध्यात अडकली होती आणि हाडाच्या टोकावरची कूर्चा खरवडून निघाली होती. तो पुन्हा खेळला नाही. नोकरी मात्र लागली. दिवाळीला तो पेढे घेऊन घरी आला आणि माझ्या पाया पडला. त्यानंतर तो दर दिवाळीला येऊ लागला.

वाचकांना वाटेल, नोकरी तर लागली, मग चुकले कुठे? मीही कित्येक वर्षे स्वतःला हेच विचारून समजूत घालत आलो. मी नको म्हटले असते तर त्या आईच्या हातची धुणी सुटली असती काय? या हिशेबाचे उत्तर मला सापडलेले नाही. पण हळूहळू ध्यानात आले की मला बोचते ते इंजेक्शन नव्हे. मला ठाऊक होते ते मी त्याला सांगितले नाही, हे बोचते. घरच्या खाटेवर भावाला मी सत्य सांगितले होते आणि त्या सत्याने तो सुटला होता. या मुलाला मी तेवढेही दिले नाही. पदाधिकाऱ्यांना काय हवे हे मी ऐकले, माझ्या ट्रॅकसूटचे ऐकले. त्याला विचारायचे राहून गेले.

याच सुमारास लॉस एंजेलिसच्या फ्रँक जोब यांचे लेखन मी लक्षपूर्वक वाचू लागलो. दुसऱ्या महायुद्धात सैन्याच्या वैद्यकीय विभागात काम केलेला हा माणूस. बास्टोन्यच्या वेढ्यात सापडूनही वाचला आणि तेथील शल्यचिकित्सकांना पाहून डॉक्टर व्हायचे त्याने मनात आणले. १९७४ च्या जुलैमध्ये टॉमी जॉन या बेसबॉलपटूच्या फेकीच्या हाताच्या कोपरातील अस्थिबंध तुटला. बेसबॉलमध्ये चेंडू फेकणाऱ्याचे स्थान आपल्या गोलंदाजासारखे, आणि ही दुखापत म्हणजे त्याच्या खेळाचा शेवट असे. जोब यांनी त्याच्या दुसऱ्या हाताच्या मनगटाकडची एक कंडरा, जिच्यावाचून हाताचे काहीच अडत नाही, काढून कोपरात ओवण्याचे योजले. तोवर कोणाही खेळाडूवर हे झाले नव्हते. पुन्हा फेकण्याची शक्यता किती, असे विचारल्यावर त्यांनी सांगितले की शंभरात एक. निर्णय टॉमी जॉनने घेतला. सप्टेंबरात शस्त्रक्रिया झाली. पुढे मज्जातंतूच्या त्रासामुळे दुसरी करावी लागली. १९७५ चा हंगाम सबंध बुडाला. १९७६ साली तो परतला आणि १९८९ पर्यंत खेळला. त्याच्या नावावरील २८८ विजयांपैकी १६४ शस्त्रक्रियेनंतरचे आहेत.

मला मोलाचे वाटते ते यापुढचे. टॉमी जॉन परतलेला पाहीपर्यंत, जवळजवळ दोन वर्षे, जोब यांनी दुसऱ्या कोणा खेळाडूवर ही शस्त्रक्रिया केली नाही. १९८६ साली त्यांनी निबंध लिहिला तेव्हा सोळा खेळाडूंपैकी दहाच आपल्या पूर्वीच्या पातळीवर परतल्याचे नमूद केले; उरलेले सहा लपवले नाहीत. २०१४ साली त्यांचे निधन झाले. तोवर त्यांची शस्त्रक्रिया इतकी रुळली होती की ती केली की हाताला अधिक जोर येतो अशा समजुतीने काही पालक धडधाकट मुलांसाठीही तिची चौकशी करू लागले होते. यशही माणसाला कुठे नेईल सांगता येत नाही.

आज क्रुशिएटची शस्त्रक्रिया तासा-दीड तासात होते. मांडीच्या मागच्या कंडरा काढून, त्यांची दोरी वळून, हाडांत बोगदे पाडून ती ओवायची. हात बसला की त्यात विशेष काही नाही. आमचे सहायक ती उत्तम करतात. कठीण असतात ते पुढचे महिने. ओवलेली दोरी आधी मरते. तिचा रक्तपुरवठा तुटलेला असतो; मग आजूबाजूच्या पेशी तिच्यात शिरतात, नव्या रक्तवाहिन्या फुटतात आणि सावकाश तिचे अस्थिबंधात रूपांतर होते. पहिल्या काही महिन्यांत ती सर्वांत कमकुवत असते आणि नेमके त्याच वेळी खेळाडूला वाटू लागते की आपण बरे झालो. सूज नाही, वेदना नाही, जिना चढता येतो; मग डॉक्टर अडवतात कशाला? नॉर्वे आणि अमेरिकेतील संशोधकांनी २०१६ साली दाखवून दिले की नऊ महिन्यांपर्यंत मैदानावर परतणे जितके महिने लांबवावे, तितक्या वेळा पुन्हा दुखापत होण्याचे प्रमाण सुमारे निम्म्याने घटते. एवढे करूनही पंचविशीच्या आतील जे खेळाडू परततात, त्यांतील चौघांमागे जवळजवळ एकाचा तोच किंवा दुसरा गुडघा पुन्हा जातो. हे आकडे मी आता प्रत्येकाला पहिल्याच भेटीत सांगतो. काही रुग्ण दुसऱ्या भेटीला येत नाहीत. जो डॉक्टर सहा महिन्यांत खेळवतो त्याच्याकडे जातात.

२०१३ साली तो चढाईपटू दिवाळीखेरीज आला. त्रेचाळिसाव्या वर्षी त्याच्या गुडघ्याचे चित्र साठीच्या माणसाचे होते. मी ते प्रकाशपेटीवर लावले आणि एकवीस वर्षांपूर्वीचे सारे सांगितले. नळीतले रक्त, सरकलेली नडगी, मला काय ठाऊक होते ते. तो शांतपणे ऐकत होता.

"साहेब, तुम्ही सांगितलं असतं तरी मी खेळलो असतो," तो म्हणाला.

मी काही बोललो नाही. जरा थांबून तो पुन्हा म्हणाला, "पण आईला सांगून खेळलो असतो. ती शेवटपर्यंत म्हणत होती, पोराने नाचता नाचता पाय घालवला."

दर दिवाळीला पेढे आणणारा माणूस हे मनात ठेवून होता. त्यानंतरही तो येतो. आता मी त्याला पाया पडू देत नाही.

दादा सत्तरी ओलांडून गेला. चार वर्षांपूर्वी त्याचा गुडघा बदलला. मी केला नाही, माझ्या एका विद्यार्थ्याने केला. आता तो बावखलापर्यंत काठीशिवाय जातो आणि रविवारी मैदानाच्या कुंपणाशी खुर्ची टाकून बसतो. हल्ली तेथे मुलीही फुटबॉल खेळतात. मुलींमध्ये हा अस्थिबंध तुटण्याचे प्रमाण मुलांच्या दुपटीहून अधिक असते. नॉर्वेतील मुलींच्या फुटबॉल संघांनी खेळापूर्वी वीस मिनिटांचे ठराविक व्यायाम केले, तेव्हा गंभीर दुखापती जवळजवळ निम्म्यावर आल्या; तो अभ्यास २००८ साली प्रसिद्ध झाला. तेच व्यायाम मी आमच्या मैदानावर शिकवतो. मुली कंटाळतात आणि उडी मारून खाली येताना गुडघे आत घेतात, दादा कुंपणावरून ओरडतो, "गुडघा! गुडघा!"

त्याच मैदानावरची एक सतरा वर्षांची मुलगी गेल्या वर्षी वडिलांबरोबर माझ्याकडे आली. पाकीट टेबलावर ठेवून तिने तोच प्रश्न विचारला. मी सारे सांगितले. चौघांमागे एक हेही सांगितले. तिने ते वहीत लिहून घेतले. शस्त्रक्रिया झाली, तिने नेटाने व्यायाम केले. दहाव्या महिन्यात एका पायावर लंगडी घालत उड्या मारण्याची चाचणी घेतली. शस्त्रक्रिया झालेला पाय चांगल्या पायाच्या निदान नव्वद टक्के भरावा लागतो. तो ब्याऐंशी टक्के भरला. आठ दिवसांवर जिल्हा संघाची निवड होती.

मी नको म्हणालो. तिने वही दप्तरात टाकली आणि माझ्याकडे न पाहता ती बाहेर गेली. वडील मागे थांबून म्हणाले, "डॉक्टर, राग मानू नका. लहान आहे."

येत्या बारा तारखेला तिची पुन्हा चाचणी आहे.